उठायची खूण

माझे वडील पडद्यावर किती वेळा मेले, हे आता कुणालाच नीट सांगता येणार नाही. त्यांना स्वतःलाही येत नसे. तापाने मेले, गोळी लागून मेले, मुलगा तुरुंगात गेल्याची बातमी ऐकून खुर्चीतल्या खुर्चीत मेले. एकदा गोदामात पोती अंगावर पडून मेले आणि त्या दिवशी घरी आले ते नाकातोंडात भुसा घेऊन. हीरोला रडायला कुणीतरी लागतं, आणि ज्याच्यासाठी रडायचं तो माणूस हीरोपेक्षा देखणा असून चालत नाही. बाबा हवे तेवढेच बेताचे दिसत. उंची बेताची, नाक बेताचं, कपाळ मोठं आणि डोळ्यांवर जाड भिंगांचा चष्मा. चुकून दुसऱ्याच्या जागेवर बसलेला माणूस जसा अवघडून बघतो, तसा भाव कायम चेहऱ्यावर. एका दिग्दर्शकाने त्यांच्यासमोरच निर्मात्याला सांगितलं होतं, "यांना घ्या. हे मरतात तेव्हा कुणाला त्रास होत नाही." हे वाक्य बाबांनी घरी येऊन मोठ्या कौतुकाने सांगितलं. आईने हातातली कात्री टेबलावर आपटली.

गल्लीतली पोरं त्यांना 'मेलेले काका' म्हणायची. "मेलेले काका आले रे!" अशी आरोळी उठली की आई चहाचं आधण ठेवायची. मला त्या पोरांचा असा संताप यायचा की एकेकाला धरून बदडावंसं वाटे. बाबा मात्र त्यांना खूश करायला कधीकधी फाटकापाशी छातीवर हात ठेवत, दोन झोकांड्या खात आणि मग गुपचूप जिना चढून वर येत. गुपचूप अशासाठी, की वर आईचा नियम होता. घरात मरायचं नाही. तालीमसुद्धा नाही.

आई घरी बसून एका कपड्याच्या दुकानाची काजं-बटणं करायची. दिवसभर खिडकीपाशी बसून सुई चालवणारी, कुणाची भीडभाड न ठेवणारी बाई. उंदराला, अंधाराला, घरमालकाला, कशालाच न भिणारी. पण ती लहान असताना तिचे वडील तिच्यासमोर जेवता जेवता गेले होते. घास हातातच राहिला होता. त्याबद्दल ती कधी बोलत नसे. आम्हांला एवढंच माहीत होतं, की जेवताना कुणी गप्प बसलं की ती लगेच "काय झालं?" म्हणून ओरडायची.

बाबा पडद्यावर पहिल्यांदा मेले तेव्हा मी आईच्या मांडीवर होते. मला आठवत नाही, पण ही गोष्ट घरात इतक्यांदा सांगितली गेली आहे, की मला ती आठवतेच असं वाटतं. बाबांनी तिला काही सांगितलंच नव्हतं. म्हणाले होते, छोटं काम आहे, दवाखान्यातलं. चित्रपटगृह भरलेलं. पडद्यावर बाबांनी मान टाकली आणि आई उभी राहून मोठ्याने ओरडली, "अहो, उठा!" सगळं थिएटर हसलं. बाबा तिच्या शेजारीच बसले होते. त्यांनी तिचा हात धरून खाली ओढलं तरी ती पडद्याकडेच बघत होती. शेजारी बसलेला जिवंत नवरा तिला दिसतच नव्हता.

त्यानंतर ती दोन दिवस तापाने पडून होती. बाबांनी तिची समजूत काढली, काम सोडून देतो म्हणाले. ती म्हणाली, सोडून करणार काय, तुम्हांला दुसरं येतं काय. मग दोघांनी मिळून एक तोड काढली. मरण्याच्या जरा आधी बाबा पडद्यावर चष्मा काढायचे, शर्टाच्या टोकाला सावकाश पुसायचे आणि परत घालायचे. ही तिला उठायची खूण. खूण दिसली की आई मला उचलून बाहेर जायची आणि सगळं झालं की परत यायची.

दारावर तिकिटं फाडणाऱ्या माणसाला हा प्रकार पाठ झाला होता. आई बाहेर येऊन उभी राहिली की तो दार किलकिलं करून आत डोकावायचा.

"झाले का?" आई विचारायची.

"अजून बोलतायत, बाई. मुलाला काहीतरी सांगतायत."

"फार बोलतात."

"आता खोकले. आता... हां, झालं. या."

आणि आई आत येऊन जागेवर बसायची, जणू पाणी प्यायला गेली होती.

दिग्दर्शकांना वाटायचं, काय बारकाईने अभिनय करतो हा माणूस! एका राजाराणीच्या चित्रपटात बाबा म्हातारे राजे होते. राजाला चष्मा कुठून असणार? तर बाबांनी मरण्याआधी मुकुट काढला आणि अंगावरच्या शेल्याच्या टोकाला पुसून परत घातला. एका समीक्षकाने त्यावर लिहिलं, की सत्तेवर बसलेली धूळ झटकण्याची ही कल्पना विलक्षण आहे. आम्ही ते वाचून इतके हसलो, की आईच्या हातातली बटणं सांडली आणि संध्याकाळपर्यंत आम्ही तिघं ती कॉटखालून गोळा करत होतो.

मोठी झाल्यावर मी बाहेर जाणं सोडलं. मी बसून राहायचे आणि बघायचे. माझे वडील चांगले नट होते की नाही, हे मला इतर भूमिकांवरून कधीच कळलं नाही. नोकर म्हणून ते नोकरासारखे दिसत, कारकून म्हणून कारकुनासारखे. पण मरताना ते दुसरेच कुणी होत. हातपाय झाडणं नाही, डोळे फिरवणं नाही. एखादा माणूस खोलीतून निघताना दिवा मालवावा की नाही याचा क्षणभर विचार करतो, तेवढंच काहीतरी त्यांच्या चेहऱ्यावर येई आणि संपे. लोक रुमाल शोधत. मला त्यांचा अभिमान वाटायचा, आणि शेजारची खुर्ची रिकामी असायची.

घरी चालत येताना बाबा दर वेळी विचारायचे, "कसं झालं?"

"छान," आई म्हणायची. "तो राखाडी कोट तुम्हांला शोभत होता. तसलाच एक घ्या."

बाबा मान डोलवायचे. एकदा मी आणि ते दोघंच होतो तेव्हा म्हणाले, "सुताराच्या बायकोने त्याची खुर्ची बघितलेली असते. माझ्या बायकोने मी केलेलं काही बघितलंच नाही. मला एकच गोष्ट येते, आणि नेमकी ती सुरू झाली की तुझी आई उठून जाते." मग लगेच, "तिची चूक नाही," असंही म्हणाले. माझ्याकडे बघून हसलेही. ते हसणं मला मुळीच आवडलं नाही.

टेलिव्हिजन आला तेव्हा बाबांचे केस पांढरे झाले होते. केंद्रावरून बोलावणं आलं. तिथल्या निर्माती म्हणजे केसांत पेन्सिल खोचून फिरणाऱ्या, सडपातळ, भराभर बोलणाऱ्या बाई. त्यांनी बाबांना समोर बसवून सांगितलं, "तासाभराचं नाटक आहे. थेट जाणार. रीटेक नाही, काटछाट नाही. तुम्ही इथे बोलाल ते त्याच क्षणी लोकांच्या घरात. आणि म्हाताऱ्याचं काम तुम्ही करायचं आहे. म्हातारा शेवटी मरतो."

"हो, ते ठीक आहे," बाबा म्हणाले. "केव्हा मरतो?"

"शेवटी म्हटलं ना! तासभर तुम्हीच आहात."

बाबांना आयुष्यात पहिल्यांदा शेवटपर्यंत जगायला मिळणार होतं.

नाटक असं होतं. छत्र्या दुरुस्त करणारा एक म्हातारा एका खोलीत राहतो. वर्षांपूर्वी भांडून निघून गेलेली मुलगी एका दुपारी अचानक येते. दोघं इकडचं तिकडचं बोलत राहतात, कामाचं कुणीच बोलत नाही. शेवटी ती चहा करायला पाठ वळवते, आणि तोंड दिसत नाही म्हणूनच की काय, तिला बोलायला जमतं. ती पाठमोरी बोलत राहते, माफी मागते, आणि तिच्या पाठीमागे म्हातारा मरतो. बघणाऱ्यांना दिसतं, तिला दिसत नाही. ती कप घेऊन वळते आणि नाटक संपतं.

तालमीसाठी बाबा बागेतल्या बाकावर जायचे, कारण घरातला नियम तसाच होता. मी मुलीची वाक्यं वाचायचे. एकदा बाबा इतके हुबेहूब गेले, की फिरायला आलेल्या एका गृहस्थांनी धावत जाऊन पाणी आणलं. बाबांनी उठून त्यांची माफी मागितली, पाणीही प्यायले.

नाटकाच्या आदल्या दिवशी जेवणं झाल्यावर बाबा आईला म्हणाले, "एक मागू?"

"मागा. नवा कोट सोडून काहीही मागा."

"उद्या उठू नकोस."

आई ताटं उचलत होती, ती थांबली.

"चष्मा पुसणारच नाही मी," बाबा म्हणाले. "खूणच नाही म्हटल्यावर तू उठशील कशाला?"

"मग मला कळणार कसं?"

"नाही कळणार. इतरांना कुठे कळतं? तूही त्यांच्यासारखी बस. एकदाच. हे पुन्हा दाखवणार नाहीत. उद्या नाही बघितलंस तर राहूनच जाईल."

आईने हातातली ताटं एकावर एक रचली. मग म्हणाली, "बसते." थोड्या वेळाने आतून पुन्हा तिचा आवाज आला, "बसते म्हटलं ना! आता झोपा."

टेलिव्हिजन आमच्या इमारतीत एकट्या वकिलीणबाईंकडे होता. दारं असलेल्या लाकडी कपाटासारखा तो संच, त्यावर विणलेला रुमाल, आणि तो उघडायचा मान फक्त वकिलीणबाईंचा. त्या दिवशी जिन्यापर्यंत माणसं होती. गल्लीतली पोरं आता मिसरूड फुटलेली झाली होती, तीही अंग चोरून जमिनीवर बसली होती. आईला सगळ्यांत पुढची खुर्ची दिली. तिने माझं मनगट धरून ठेवलं होतं आणि सुई टोचून टोचून खरखरीत झालेली तिची बोटं त्यात रुतत होती.

बाबा छान करत होते. एवढ्याशा करड्या चौकोनात ते पडद्यावरच्यापेक्षा लहान दिसत होते आणि जवळचे वाटत होते. छत्रीची काडी तारेने बांधताना मुलीकडे न बघता बोलण्याची ती रीत तर थेट घरचीच होती. आई एकदा हसली देखील. माझ्या कानाशी येऊन म्हणाली, "घरी असंच करतात बघ. कामाचं विचारलं की काहीतरी उचकत बसायचं."

मग ती मुलगी वाक्य विसरली.

कुणाच्याही लक्षात आलं नाही. मला वाक्यं पाठ होती म्हणून आलं. मुलीचं काम करणारी नवखी नटी चहाच्या भांड्याकडे जायला निघाली आणि मध्येच थांबली. तिचे ओठ हलले, शब्द आला नाही. आता काय करायचं? थांबवायला कुणी नव्हतं, पुन्हा घ्यायला कुणी नव्हतं, घराघरांत लोक बघत होते. बाबांनी तिच्याकडे बघितलं. आणि वेळ काढायला, त्या पोरीला श्वास घ्यायला सवड मिळावी म्हणून, त्यांनी हाताला सगळ्यांत सवयीचं होतं ते केलं. चष्मा काढला. शर्टाचं टोक शोधलं. सावकाश, एक भिंग, मग दुसरं. मग म्हणाले, "चहा टाकणार होतीस ना गं?" हे वाक्य नाटकात नव्हतं. मुलगी सावरली, भांड्याकडे वळली आणि तिला सगळं आठवलं.

माझ्या मनगटावरचा हात सुटला होता. आई उभी होती.

"आई, बस," मी म्हटलं. "ती विसरली म्हणून त्यांनी..."

"खूण केली त्यांनी."

"अगं, ती खूण नव्हे!"

"मला सोसणार नाही असं वाटलं त्यांना," ती म्हणाली आणि माणसांच्या पायांतून वाट काढत बाहेर गेली. मी तिच्यामागे गेले नाही. मागे वळले असते तर माझंही राहिलं असतं.

मी बघितलं. मुलगी पाठमोरी बोलत होती. म्हातारा ऐकत होता. त्याला काहीतरी सांगायचं होतं हे दिसत होतं. तोंड उघडलं, मग पुन्हा मिटलं, कारण ती बोलत होती आणि तिला मध्येच तोडायचं कसं. तो आपली पाळी यायची वाट बघत राहिला. हातातली छत्रीची काडी मांडीवर आली. तो थांबला होता आणि थांबता थांबता गेला. नेमका कधी ते मी डोळे ताणून बघत असूनही मला सांगता येणार नाही. मुलगी बोलतच होती.

संच बंद झाला तरी खोलीत कुणी हललं नाही. वकिलीणबाई पदार्थांची ताटली हातात धरून उभ्याच होत्या. गल्लीतल्या पोरांपैकी एकानेही 'मेलेले काका' म्हटलं नाही, आणि त्या दिवसानंतर पुन्हा कधीही म्हटलं नाही.

आई जिन्याच्या पायरीवर बसली होती. तिने वर बघून विचारलं, "झाले का?"

बाबा घरी आले ते धावतपळत, मेकअप कानामागे तसाच. दारातच म्हणाले, "बघितलंस?"

मी आईकडे बघितलं. आई म्हणाली, "बघितलं."

"शेवटपर्यंत?"

"शब्द दिला होता ना!"

बाबा खुर्चीवर बसले. त्यांचे डोळे भरून आले होते. "ती पोर मध्येच अडली ना, तेव्हा मला घामच फुटला. कळलं का तुला?"

"काही कळलं नाही," आई म्हणाली.

"मी आपला चष्मा पुसत..." बाबा बोलता बोलता थांबले. हात नाकापाशी गेला. "मी चष्मा पुसला."

"हो."

"तरी तू बसलीस?"

"बसले," आई म्हणाली. "कपडे बदला, तोंड धुवा. कानामागे सगळा रंग आहे."

बाबा तिच्याकडे बघत राहिले, मग तोंड धुवायला गेले. नळाचा आवाज सुरू झाला तशी आई माझ्याजवळ आली आणि माझे दोन्ही दंड धरून म्हणाली, "सांग. सगळं सांग. लवकर."

मी सांगितलं. नळ चालू होता तोपर्यंत जमेल तेवढं, आणि राहिलेलं दुसऱ्या दिवशी बाबा बाहेर गेल्यावर.

त्या काळी केंद्रावर नाटकं जपून ठेवत नसत. एकदा हवेत गेलं की गेलं. वर्तमानपत्रात आलं ते त्या नटीबद्दल. ती बोलता बोलता क्षणभर अडते ती जागा फार परिणामकारक झाली, असं. बाबा ते वाचून खूप हसले. मी नाही हसले. मला अजूनही त्याची चीड येते. या नाटकानंतर मोठी कामं येतील असं आम्हांला वाटलं होतं. आली ती पुन्हा मरायचीच, आणि तीही आखडत गेली. नवे लोक आले, रंग आले, कुणाला थांबून मरायला वेळ राहिला नाही. शेवटी एका मालिकेत बाबांना घेतलं ते भिंतीवरचा फोटो म्हणून. मालिका सुरू व्हायच्या आधीच मेलेले आजोबा. सगळं कुटुंब त्या फोटोशी बोलायचं. "बघ," बाबा म्हणाले, "आता मरायलाही बोलवत नाहीत. मेलेलाच घेतात."

कुणी जुना ओळखीचा घरी आला की गाडी त्या नाटकावर यायचीच. बाबा म्हणायचे, "ते आता कुणाकडे नाही. पण हिने बघितलंय. सांग गं." आणि आई हातातली सुई कापडात खोचून सांगायची. मुलगी पाठमोरी कशी होती. ते पाळी यायची वाट कशी बघत होते. थांबता थांबता कसे गेले. एक शब्द इकडचा तिकडे नाही. माझेच शब्द, माझ्याच क्रमाने. मी आत जाऊन उगाच भांडी वाजवायचे. बाबा डोळे मिटून ऐकत.

मग बाबांचं हृदय थकलं. डॉक्टर म्हणाले, इस्पितळात ठेवून फार काही होणार नाही, घरीच असू द्या. आम्ही कॉट पुढच्या खोलीत खिडकीपाशी हलवली, आईच्या जागेजवळ. ती शेजारी बसून काजं करायची. ते बहुतेक वेळ झोपलेले असत. अनेक वर्षं सांभाळलेला नियम आता मोडणार आहे हे तिघांनाही ठाऊक होतं.

एका दुपारी त्यांनी चष्मा मागितला. मी घालून दिला. ते आईकडे बघत राहिले, चांगले निरखून. मग हात वर नेला. मला वाटलं खुपतोय. त्यांनी चष्मा काढला आणि शर्टाचं टोक शोधू लागले. शर्ट पांघरुणाखाली होता, सापडेना. शेवटी पांघरुणाचंच टोक धरून पुसायला लागले. एक भिंग. मग दुसरं.

आईची सुई थांबली.

"ऊठ," बाबा म्हणाले. "बाहेर जाऊन बस जरा."

"मी कशाला उठू?"

"त्या दिवशी उठलीस ना. तशीच जा."

खालच्या दुकानातलं शिवणयंत्र ऐकू येत होतं. आईने माझ्याकडे बघितलं. मी नकारार्थी मान हलवली. मी कधीच काही बोलले नव्हते.

"कुणी सांगितलं तुम्हांला?" आईने विचारलं.

"तूच. ती पोर अडली ते कळलं का, असं मी विचारलं. तू म्हणालीस, काही कळलं नाही. मी घामाघूम झालो होतो. समोर असतीस आणि तुला कळलं नसतं होय?" बोलताना त्यांना दम लागत होता. "आणि पुढे जे सांगायचीस ते सगळं हिच्या तोंडचं. थांबता थांबता म्हणे! तू अशी बोलतेस कधी?"

"मग इतकी वर्षं लोकांपुढे मला सांगायला का लावत होतात?" आईचा आवाज चिरकला. "माझी फजिती बघायला?"

"नाही गं," बाबा म्हणाले. "मला वाटायचं, सांगता सांगता तुला दिसत असेल."

आई तोंडात मूठ धरून रडली. मी तिला त्याआधी रडताना कधी पाहिलं नव्हतं. मग तिने त्यांच्या हातातून चष्मा घेतला, स्वतःच्या बाहीला पुसला आणि त्यांच्या नाकावर नीट बसवला.

"पुसा किती पुसायचा तो," ती म्हणाली. "मी उठत नाही."

आणि ती उठली नाही. पुढचे दिवस ती त्या खुर्चीतच होती. डॉक्टर आले की त्यांनाच वळसा घालून कॉटच्या पलीकडे जावं लागे. मी म्हणायचे, आई, थोडी पड, मी बसते. ती म्हणायची, तू बघितलंयस.

एका सकाळी मी टेबलापाशी त्यांच्यासाठी मऊ भात कुस्करत होते. पाठ खोलीकडे होती. मी घरमालकावर तोंडसुख घेत होते. नळ महिनाभर गळतोय, सांगून सांगून जीभ झिजली, हा माणूस भाडं घ्यायला बरोबर येतो आणि नळ म्हटला की बहिरा होतो. त्याच्या घरचा नळ गळू दे, मग समजेल. मला चेवच चढला होता. बाबांना माझी अशी बडबड आवडायची, म्हणून थोडं त्यांच्यासाठीही बोलत होते. वाटी घेऊन वळले तर आई त्यांचा हात दोन्ही हातांत धरून बसली होती. चष्मा सरळ होता.

"कधी?" मी विचारलं.

"मघाशी. तू नळाचं सांगत होतीस तेव्हा."

"मग मला हाक का नाही मारलीस? आई, हाक का नाही मारलीस?"

"ऐकत होते ते तुझं," आई म्हणाली. "मध्येच कशी तोडू?"

मी वाटी कुठे ठेवली ते मला आठवत नाही. मोठी झाल्यापासून मी त्यांच्या सगळ्या मरणांना हजर होते. गोळीला, तापाला, पोत्यांना, छत्रीवाल्याला. आणि या वेळी मी खोलीत असून पाठ करून नळाबद्दल बोलत होते.

लोक आले, लोक गेले. गल्लीतली ती पोरं, आता बाप झालेली, खाली मान घालून उभी राहिली आणि गेली. संध्याकाळी घरात आम्ही दोघीच उरलो. आई तिच्या खुर्चीत, मी रिकाम्या कॉटच्या काठावर. मी तिचे दोन्ही दंड धरले.

"सांग ना," मी म्हटलं. "कसे गेले?"

आई विचार करत बसली. तिच्या ओठांवर माझे जुने शब्द येतील असं मला वाटलं आणि मी त्यांची वाट बघू लागले.

"काहीच केलं नाही गं त्यांनी," ती म्हणाली. "नुसते गेले."

आता कुणी विचारलं की मी तेवढंच सांगते. शब्द आईचे आहेत. मी पाहिलेलं नाही.